जपानी सासरा

माणसानं साठीला आल्यावर काय धंदे करावेत याला काही धरबंध असावा की नाही? मी स्वयंपाकघरात शेंगा फोडत बसले होते, आणि पलीकडं माजघरात आमचे हे सुनेला म्हणत होते,

"बस, बाळ. जरा बस माझ्यासमोर."

एकदा नाही, तीनदा. पहिल्यांदा म्हणाले ते स्टँडवर गाडी पुकारल्यासारखं. सून म्हणाली, "मामा, एवढं मोठ्यानं नको. तो म्हातारा थकलाय हो." दुसऱ्यांदा थोडं उतरवून म्हणाले. आणि तिसऱ्यांदा असं म्हणाले की माझ्या हातातली शेंग हातातच राहिली. चौतीस वर्षांच्या संसारात 'हं' आणि 'बघू' याच्यापुढं न गेलेला हा माणूस. असला आवाज ह्यांच्याजवळ आहे हे मला त्या दुपारी कळलं.

मी तिथूनच ओरडले, "झालं का तुमचं नाटक? दळण आणायचंय."

"नाटक नाही आत्या, सिनेमा," उत्तरा म्हणाली.

"तेच ते. तोंडाला रंग लावला नाही एवढाच फरक."

ह्याला आता बावीस वर्षं झाली. पण सांगायचं तर नीट सांगितलं पाहिजे, नाहीतर मी नेहमीसारखी माझीच बाजू मांडून मोकळी होईन.

आमचं घर कराडात. ह्यांची एकोणतीस वर्षं एस. टी. स्टँडवर गाड्या पुकारण्यात गेली. 'चिपळूणकडे जाणारी गाडी फलाट क्रमांक सहावर लागली आहे' असं ते म्हणाले की बाकड्यावर पेंगलेली माणसं पिशव्या गोळा करून उठायची. लोक मला म्हणायचे, वहिनी, काय आवाज आहे थोरातसाहेबांचा! मी म्हणायचे, असेल बाई, घरी येताना तो स्टँडवरच ठेवून येतात.

उत्तरा आमच्या जयसिंगची बायको. पुण्याची. लग्नाआधी तीन वर्षं जपानी भाषा शिकलेली. येताना पितळेची भांडी कमी आणि पुस्तकांची ट्रंक जड, अशी आली. मी तिच्या आईला तोंडावर विचारलं होतं, "ह्या पुस्तकांचं काय लोणचं घालायचं का?" ती ट्रंक चार वर्षं पलंगाखाली होती. जयसिंग साखर कारखान्याच्या प्रयोगशाळेत. हंगाम सुरू झाला की पंधरा पंधरा दिवस तिकडंच. घरात आम्ही तिघं.

ड्रॉइंगचे पाटणकर सर गावात एक मंडळ चालवायचे. महिन्यातून एकदा, रविवारी सकाळी, टाऊन हॉलमध्ये परदेशी सिनेमा. खाली इंग्रजी अक्षरं यायची, पण ती वाचून होईपर्यंत पुढची यायची, म्हणून माणसं यायची बंद झाली. तेव्हा सरांनी ठरवलं की सिनेमा चालू असताना कुणीतरी कडेला माईकवर बसून मराठीत बोलायचं. जपानी सिनेमा मिळाला आणि सर आमच्या दारात.

"सूनबाईंनी लिहायचं आणि बाईमाणसांचं बोलायचं," सर म्हणाले. "म्हाताऱ्याचं थोरातसाहेबांनी. दुसरा आवाज मला सुचतच नाही."

मी म्हटलं, "म्हातारा कोण?"

"सिनेमातला सासरा."

"आणि बाई कोण?"

"सून."

मी चहाचे कप जरा जोरातच ठेवले.

सरांनी आणखी एक गोष्ट सांगितली. पुण्याच्या सबनीसबाई तो सिनेमा बघायला येणार होत्या. शिरवळच्या बाजूला एक नवा कारखाना होत होता, तिथं जपानी साहेब येणार होते, आणि सबनीसबाई त्यांच्यासाठी दुभाषी शोधत होत्या. आठवड्यातनं तीन दिवस काम. "त्यांना उत्तराताईंचं ऐकायचंय," सर म्हणाले. हे ऐकताना उत्तरा दाराच्या चौकटीला धरून उभी होती. तिची बोटं पांढरी झालेली मी पाहिली. म्हणजे मला ठाऊक नव्हतं असं मला म्हणता येणार नाही.

त्यानंतर पंधरा दिवस रोज दुपारी हे दोघं वही घेऊन बसायचे. मी मध्ये मध्ये जाऊन उभी राहायचे.

"काय करतो गं तुझा हा जपानी सासरा?" मी विचारलं.

"टोफू करतो आत्या. सोयाबीनच्या दुधाचं पनीर समजा. पहाटे उठून करायचं आणि गल्लीत विकायचं. मुलगा बायकोला टाकून शहरात गेलाय, दुसरं घर केलंय त्यानं. ही सासऱ्याजवळच राहिलीय. दुकान तीच चालवते."

"आणि लोक गप्प बसतात?"

"नाही बसत. तेच आहे सिनेमात."

"बघा," मी ह्यांना म्हटलं. ते वहीत बघत होते.

उत्तराला बोलायला मिळालं की तिचे डोळे मोठे व्हायचे. म्हणाली, "त्यांच्या सिनेमांत सासरा म्हणजे एक खास माणूस असतो, आत्या. दोन तऱ्हांचा. एक मुलीचा बाप. जावई मागणी घालायला आला की हा वर्तमानपत्रात तोंड घालून बसतो. तो बिचारा चटईवर डोकं टेकून 'तुमची मुलगी मला द्या' म्हणतो, आणि हा म्हणतो, चहा गार झाला. मालिकांमध्ये तर अशा सासऱ्याला बघायलाच लोक बसतात. आणि दुसरा हा असा, मुलाचा बाप. पोटच्या पोराशी दोन शब्द बोलत नाही, पण सुनेशी बोलतो. जे कुणाला सांगितलं नाही ते तिला सांगतो."

"आणि सासू? ती कुठं असते?"

उत्तरानं वहीचं पान उलटलं. "ती बहुतेक वेळा आधीच गेलेली असते."

हे हसले. मोठ्यानं. मी तिथंच उभी.

"म्हणजे सासू मेल्याशिवाय ह्यांच्या तोंडाला शब्द फुटत नाही," मी म्हटलं. "बरं केलंत सांगितलंत. मी जागा मोकळी करून देऊ का?"

"आत्या, मी आपलं सिनेमातलं..."

"अगं, गंमत करतीय ती," हे म्हणाले.

मी गंमत करत नव्हते.

रविवार आला. उत्तरा सकाळी सातलाच गेली, माईक बघायला. जाताना माझ्या पाया पडली. निळी साडी, केसात काही नाही. म्हणाली, "आत्या, तुम्ही याल ना?" मी म्हटलं, "येऊ की. बघू तरी तुझा सासरा."

हे आरशासमोर उभे होते. पांढरा शर्ट, निवृत्तीच्या दिवशी घातलेला कोट. खडीसाखर तोंडात. ओठ हलत होते. बाळ, बस माझ्यासमोर.

माझ्या डोक्यात काय आलं ते मला आजही नीट सांगता येत नाही. मी दारात जाऊन उभी राहिले.

"तुम्ही बोलायचं नाही तिथं."

"काय?"

"दोनशे माणसांसमोर सासऱ्यानं सुनेला बाळ, बाळ करायचं. उद्या मी भाजी आणायला कशी जाऊ?"

"अगं, ते त्या सिनेमातलं आहे. वहीत लिहिलंय."

"लोक वही बघायला येत नाहीत."

"अगं कला, पोरीचं काम आहे. ती पुण्याची बाई यायचीय."

"तिचं ती बोलेल. तिला येतंय की जपानी. तुम्हाला काय येतंय?"

ते कोटाची बटणं लावायला लागले. म्हणजे ऐकणार नव्हते. आणि मी म्हणाले,

"माझी शपथ आहे तुम्हाला. आज तुम्ही तिच्याशी नाहीतर त्या माईकवर एक शब्द बोललात, तर माझं मेलेलं तोंड बघाल."

ह्यांची आई अशाच एका शपथेनंतर आठ दिवसांनी गेली होती. शपथेचा आणि मरणाचा काही संबंध नव्हता, बाई काविळीनं गेली. पण शपथ ह्यांनीच मोडलेली होती, आणि तेव्हापासून ह्यांच्यापुढं शपथ म्हणजे काय ते मला ठाऊक होतं. म्हणून तर मी ती घातली.

त्यांनी तोंडातली खडीसाखर काढली आणि खिडकीतून बाहेर टाकली. आम्ही चालत टाऊन हॉलला गेलो, ते पुढं, मी मागं.

हॉल भरलेला होता. उत्तरा पडद्याच्या डाव्या बाजूला टेबलाशी, समोर वही आणि छोटा दिवा, दोन माईक. हे जाऊन तिच्या शेजारच्या खुर्चीवर बसले आणि गळ्याला हात लावून मान हलवली. आवाज बसलाय. उत्तरानं आधी त्यांच्याकडं बघितलं. मग वळून मला शोधलं. मी दुसऱ्या रांगेत, कडेला होते. तिनं फार वेळ बघितलं नाही. ह्यांच्या पुढ्यातला माईक स्वतःकडं ओढला आणि वहीचं पहिलं पान उघडलं.

सिनेमा सुरू झाला. काळा-पांढरा. पहिल्यांदा म्हातारा बोलला तेव्हा उत्तरानं आवाज जाड केला, आणि मागं बसलेली कॉलेजची पोरं फसकन हसली. कुणीतरी म्हणालं, "आजोबांना मिसरूड फुटली नाही वाटतं अजून." आणखी हशा. मला वाटलं आता ही रडते. पण तिनं आवाज जाड करायचं सोडून दिलं. आपल्याच आवाजात बोलायला लागली, म्हाताऱ्याचं सावकाश, सुनेचं जरा भरभर. दहा मिनिटांत पोरं गप्प. अर्ध्या तासानं हॉलमध्ये कुणी खोकतसुद्धा नव्हतं. पहाटेच्या धुरात ती दोघं टोफूच्या वड्या कापत होती, पाण्यात सोडत होती, आणि मीसुद्धा विसरले की हे लोक मराठी बोलत नाहीत. पुढच्या रांगेत सबनीसबाई होत्या, चष्म्याची दोरी गळ्यात. त्या एकदा पाटणकर सरांकडं वाकून काहीतरी बोलल्या आणि सरांनी जोरजोरात मान हलवली.

मी मनात म्हटलं, बघा, अडलं का काही तुमच्यावाचून?

मग तो भाग आला. म्हातारा दुकान बंद करतो, हात धुतो, आतल्या खोलीत चटईवर एक उशी टाकतो. सुनेला बोलावतो.

"बस, बाळ," उत्तरा म्हणाली. "जरा बस माझ्यासमोर."

सिनेमातली सून बिचकते. सासऱ्याच्या उशीवर कशी बसणार? म्हातारा स्वतः किटली उचलतो, कपात चहा ओततो, दोन्ही हातांनी तिच्यापुढं धरतो.

"सात वर्षं या घरात तू सगळ्यांच्या शेवटी चहा प्यालीस," उत्तरा म्हणाली. "आज आधी तू..."

आणि थांबली.

आमच्या घरात चहा कसा व्हायचा तेही सांगते. उत्तरा करायची. आधी ह्यांना, मग जयसिंग असला तर त्याला, मग मला, मग कुणी आलं-गेलं असेल त्याला. भांड्यात उरेल तो तिचा. उरला नाही तर नाही. माझ्या सासूनं मला असंच केलं होतं, आणि मीही तसंच केलं.

उत्तरानं तोंड उघडलं, पण आवाज निघाला नाही. पदर तोंडाशी धरला. स्वतःच स्वतःला ते म्हणायचं होतं ना तिला. शेजारी सासरा बसलेला, आणि सासऱ्याचं बोलणं तिनं स्वतःशीच बोलायचं. पडद्यावर म्हातारा बोलतच होता, जपानीत, हळूहळू, एकेक शब्द उचलून ठेवल्यासारखा. हॉलला काही कळत नव्हतं.

तेव्हा ह्यांनी वळून माझ्याकडं बघितलं.

त्यांचा हात माईकच्या दांडीवर होता. वही समोर उघडी होती. पंधरा दिवसांत त्यांना ते सगळं पाठ झालं होतं. ते अंधारात दुसऱ्या रांगेकडं बघत राहिले. शपथ घालणाऱ्यानं 'सुटली' म्हटलं की शपथ सुटते, हे लहान पोरांनासुद्धा माहीत असतं. एक शब्द. ओरडायचीही गरज नव्हती, नुसते ओठ हलवले असते तरी त्यांना कळलं असतं.

शब्द माझ्या दातांपर्यंत आला होता. मग माझ्या मनात आलं, शेजारी पाटणकरांची बायको आहे. तिला कळेल की ह्यांचा घसा बसला नव्हता, मी बसवला होता. मी पदर सारखा केला आणि पडद्याकडं बघितलं.

म्हातारा चांगला दीड-दोन मिनिटं बोलला. मागनं कुणीतरी "आवाज!" म्हणून ओरडलं. मग शिटी. मग बरेच जण. उत्तरानं पुन्हा सुरुवात केली तोवर पडद्यावरची सून रस्त्यानं चालत होती आणि सिनेमा संपत आला होता.

बाहेर पायरीवर सबनीसबाईंनी उत्तराचा हात हातात घेतला. वाईट बाई नव्हती ती. म्हणाली, "तुमची भाषा फार सुंदर आहे. खरंच. पण दुभाष्याला मध्येच थांबता येत नाही हो. समोरचा रडो, ओरडो, आपण त्याचा आवाज. तिथं मोठमोठे करार व्हायचे असतात. पुन्हा कधीतरी बघू."

"हो," उत्तरा म्हणाली.

पाटणकर सरांनी ह्यांना विचारलं, "साहेब, एवढा बसला घसा? काल संध्याकाळी तर ठणठणीत होतात." ह्यांनी मान हलवली.

पुन्हा कधीतरी आलं नाही. सबनीसबाईंना साताऱ्याची एक मुलगी मिळाली. त्या दिवसानंतर मी उत्तराच्या तोंडून एकही जपानी शब्द ऐकला नाही. नातवंडं झाली, त्यांनी कधी हट्ट केला तरी ती म्हणायची, विसरले रे सगळं. ट्रंक तिनं स्वतःच एका शाळेला देऊन टाकली. मी देऊ नको म्हटलं. तर म्हणाली, "जागा अडते, आत्या."

पण त्या रविवारचं सांगत होते. घरी आलो. उत्तरानं साडी बदलली, कुकर लावला, परात पुढं ओढली. जसं काही ती दळण आणायलाच गेली होती. हे बाहेरच्या खोलीत कोटासकट बसलेले. थोड्या वेळानं ती पाण्याचा तांब्या घेऊन गेली.

"मामा, घसा फार दुखतोय का? हळद टाकून दूध देऊ?"

तिला सगळं ठाऊक होतं. तरी तिनं असं विचारलं. ह्यांनी तिच्या हातातून तांब्या घेतला आणि मान खाली घातली. तो दिवस संपेपर्यंत शपथ होती. ती आत गेली. पिठाचा हात पदराला लागलेला होता.

मी दारात उभी होते. माझ्याच्यानं राहवलं नाही.

"सुटली," मी म्हटलं.

ते पाणी प्यायले. तांब्या खाली ठेवला. "आता कुणाला ऐकवू?" म्हणाले.

मी त्यांच्यासमोर खाली बसले. गुडघे दुखत होते तरी बसले. "पुढं काय म्हणतो तो?" मी विचारलं. "चहा दिल्यावर. एवढं काय बोलत होता?"

"कशाला हवंय तुला?"

"सांगा."

त्यांनी स्टँडवरचा आवाज लावला नाही आणि माजघरातलाही नाही. पाठ केलेलं म्हणतात तसं म्हणाले, "म्हणतो, या घरात तुझ्यावर जे झालं ते मी सगळं बघत होतो. आंधळा नव्हतो. माझ्या घरातली शांती मोडू नये म्हणून गप्प बसलो. ती शांती तुझ्या जिवावर होती. माझी चूक आहे. आणि मग चटईवर डोकं टेकतो."

"सुनेपुढं?"

"हं."

आत भाकरी थापण्याचा आवाज थांबला होता.

लोक काय म्हणतील, भाजी आणायला कशी जाऊ, हे मी ह्यांना सांगितलेलं कारण. खरं कारण एवढंच, की मला कधी कुणी म्हटलं नव्हतं, बस माझ्यासमोर. सासऱ्यानं नाही, नवऱ्यानं नाही. आणि ती चार वर्षांपूर्वी आलेली सून तीनदा ऐकत होती. मला ते तोंडानं म्हणता आलं असतं. मी नाही म्हटलं. जे म्हटलं ते मोठ्यानं म्हटलं, आत ऐकू जाईल असं.

"मी दुष्टपणा केला. तो माझा, तो मी कुणाच्या गळ्यात घालत नाही. पण मी मरणार नव्हते, हे तुम्हाला पक्कं ठाऊक होतं. सकाळी भीती वाटली असेल, मान्य. पण ती पोर शेजारी बसून गळा दाबून रडत होती, आणि तुम्ही तिच्याकडं न बघता माझ्याकडं बघितलंत. परवानगीला. त्या म्हाताऱ्यानं कुणाला विचारलं नाही. सासरा तो, त्या पडद्यावरचा. तुम्ही नुसते माझे नवरे."